डावीकडचा कॉर्नर

“उठायचं नाही. आत्ता कोणीही उठायचं नाही.” असं म्हणून ते उजव्या हाताचा पंजा माझ्यापुढे धरायचे, चौकातल्या हवालदारासारखा. ज्यानं लहानपणी घरच्यांबरोबर क्रिकेट पाहिलंय, त्याला हे समजावून सांगावं लागत नाही. जोडी जमली की बसल्या जागेवरून हलायचं नाही. हललात की विकेट गेलीच. फरक एवढाच, की आम्ही बसलेलो असायचो डब्लिनजवळच्या क्लोनडॉकिनमध्ये, आणि लॅपटॉपवर चालू असायचा स्वीडनमधल्या एका आडगावच्या क्लबचा फुटबॉल सामना.

ते आमच्या ऑफिसात सॉफ्टवेअर टेस्टिंगला होते. मूळचे नागपूरचे, माझ्यापेक्षा दहाएक वर्षांनी मोठे. त्या स्वीडिश गावात नोकरीनिमित्त सात वर्षं राहून आलेले. “सिग्नल तीन, क्लब एक,” असं गावाचं वर्णन करायचे. क्लब पगारी खेळाडूंचा, पण दुसऱ्या दर्जाचा, आणि त्यातही कायम तळाशी लोळणारा. आमचा आयरिश सहकारी म्हणायचा, “युअर मॅन इज मॅड, बट ही इज ग्रँड,” म्हणजे गडी वेडा आहे, पण झकास आहे. अशी एखाद्या हरणाऱ्या टीमपायी वेडी झालेली माणसं तुम्हीही पाहिली असतील. मला वाटलं, त्यातलेच एक.

पण एक गोष्ट खटकायची. गोल झाला की हे नुसती मान हलवत. डावीकडून कॉर्नर मिळाला, की मात्र खुर्चीच्या टोकाशी येत. मग तो आपल्या क्लबला असो नाहीतर समोरच्यांना. एकदा मी चेष्टा केली, “अहो, तो आपल्यावर कॉर्नर आहे. खूश काय होताय?”

त्यांनी चित्र थांबवलं आणि पडद्यावर बोट ठेवलं. कोपऱ्यातल्या झेंड्यामागे, तिसऱ्या रांगेत, एक लाल टोपी दिसत होती.

“माझी मुलगी,” ते म्हणाले.

मग सगळं सांगितलं. घटस्फोट झाला, मुलगी आईकडे राहिली. तिकडचं काँट्रॅक्ट संपलं म्हणून हे नोकरीसाठी आयर्लंडला आले. तेव्हा ती तेरा वर्षांची होती आणि तिच्या हिशेबी बाबा तिला टाकून गेले. तीन वर्षांत तिनं यांचा एकही फोन उचलला नव्हता. ‘आज मॅच बघतोय’ अशा निरोपांना उत्तर नाही, वाढदिवसाच्या पार्सलचीही पोच नाही. पण घरच्या मैदानावर सामना असला की ती त्याच जागी येऊन बसायची. ती जागा लहानपणी यांनीच तिला दाखवलेली. कॅमेरा तिकडे वळायचा तो डावीकडून कॉर्नर असला तरच. नव्वद मिनिटांत चारपाच वेळा, दोनतीन सेकंद. महिन्यातून दोनदा या माणसाच्या वाट्याला एवढी मुलगी येत होती.

तेवढ्यात ते काय काय बघून घ्यायचे! “आज खोकतेय हो. मफलर नको का घालायला?” किंवा, “उंच झालीय, नाही?” मला तर नुसता लाल ठिपका दिसायचा. पण मी हो म्हणायचो. मी पोह्यांचा डबा घेऊन जायला लागलो, आणि हळूहळू कॉर्नरला ओरडायलाही लागलो.

गेल्या नोव्हेंबरमध्ये हंगामाचा शेवटचा सामना आला, घरच्याच मैदानावर. हरलो तर क्लब तिसऱ्या दर्जात जाणार, आणि तिथले सामने परदेशात कोणीच दाखवत नाही. म्हणजे लाल टोपी गेली. बरोबरी पुरेशी होती. शनिवारी दुपारी मी पोहोचलो तेव्हा त्यांनी आंघोळ करून लॅपटॉपशेजारी निरांजन लावलं होतं. पोह्यांना हात लावला नाही. “एक बरोबरी, राव,” कोणाला म्हणत होते देव जाणे, “एवढी एक बरोबरी द्या.”

सत्तराव्या मिनिटाला एक-एक अशी बरोबरी होती. स्वयंपाकघरात चार्जिंगला लावलेला त्यांचा फोन वाजला.

“कोण असेल?” ते अर्धवट उठले.

मी पंजा पुढे धरला. “उठायचं नाही! तुमचाच नियम आहे ना?”

ते हसले आणि बसले. फोन पुन्हा वाजला. “कॉल सेंटरवाले असतील,” मी म्हटलं. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि मी मान हलवून नाही म्हटलं. त्यानंतर डावीकडून एकही कॉर्नर मिळाला नाही.

सामना बरोबरीत सुटला. क्लब वाचला. त्यांनी मला मिठी मारली, रडले, आणि डोळे पुसत फोन बघायला आत गेले.

बराच वेळ बाहेर आले नाहीत म्हणून मी आत गेलो. तीन मिस्ड कॉल होते, तिन्ही मुलीचे. खाली एक ओळ होती, ती त्यांनी मला वाचून दाखवली. “इट्स ओके, बाबा. यू आर वॉचिंग द मॅच.”

त्यांनी लगेच फोन लावला. संध्याकाळपर्यंत लावत राहिले. तिनं उचलला नाही, आणि दुसऱ्या दिवसापासून तो लागेनासाच झाला. तिला काय सांगायचं होतं, ते त्यांना कधीच कळलं नाही.

एप्रिलमध्ये नवा हंगाम सुरू झाला. पहिल्याच सामन्यात डावीकडून कॉर्नर मिळाला, कॅमेरा वळला. तिसऱ्या रांगेत एक म्हातारं जोडपं बसलं होतं. पुढच्या सामन्यातही तेच. ती कुठेतरी दुसरीकडे बसत असेल म्हणून ते सगळा स्टँड धुंडाळायचे, चित्र थांबवून, मोठं करून. मला ते बघवेना. मी जाणं कमी केलं. हा माझा भेकडपणा, दुसरं काय?

मे महिन्यात त्यांनी नोकरी सोडली. शेवटच्या दिवशी मला पार्किंगमध्ये गाठलं.

“तिला वाटतं, मी मॅचसाठी तिचा फोन घेतला नाही. मी मॅच कधी बघितली हो? माझा नंबर तिनं ब्लॉक केलाय. तुम्ही सांगा. तुम्ही होता ना तिथे.”

मी म्हटलं, “सांगतो.” त्यांनी तिचा नंबर मला दोनदा वाचून दाखवला. आयर्लंडच्या पार दुसऱ्या टोकाला, ट्रलीकडे कुठेतरी गेले असं नंतर ऐकलं. नक्की कोणालाच माहीत नाही.

मी अधूनमधून निरोप लिहायला बसतो. ‘तुझे बाबा मॅच बघत नव्हते, तुला शोधत होते,’ इथपर्यंत सहज येतो. पुढे लिहावं लागतं, की ते उठले होते आणि मी त्यांना खाली बसवलं.

तो निरोप अजून गेलेला नाही.