तोरणाखाली मोडलेली ओळ

माझ्या पुस्तकांच्या प्रस्तावनांमध्ये एक हकिकत पुन्हा पुन्हा छापली गेली आहे. पोळ्याच्या दिवशी तोरणाखाली, ऐन गर्दीत, मला बैलांपुढं म्हणायची पहिली झडती सुचली आणि तिथून मी लेखक झालो, अशी ती हकिकत. अकोल्याच्या सभेत मी स्वतःच ती सांगितली आणि टाळ्याही घेतल्या. ती खरी नाही. ती झडती माझ्या वहिनीची होती.

वहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको. तिचं माहेर कारंज्याचं. तिच्या वडिलांचा गावाला लागून भाजीचा मळा होता, आणि लहानपणी ती मंदिरांच्या आळीत वांगी-मेथी पोचवायला जायची. तिथल्या एका म्हाताऱ्या सावकारीणबाईनं तिला अक्षरं शिकवली. एकदा त्याच बाईंनी तिला मंदिरातली जुनी पोथी लांबून दाखवली. सोनेरी शाईची, पानापानावर चित्रं असलेली. त्या चित्रांतल्या माणसांचे डोळे चेहऱ्याच्या बाहेर आलेले होते, असं वहिनी सांगायची. सासरी आल्यावर तिनं नागपंचमीला आमच्या भिंतीवर चुन्यानं नाग काढले, तर त्या नागांचे डोळेही तसेच. माझी आई म्हणाली, "हे नाग हायत का मासे?" वहिनी म्हणाली, "पाहून राह्यले ना मामी, म्हणून डोये मोठे."

आमचा मळा आणि घर आसेगावच्या बाजूला. घरात पोथी होती, पण वाचणारा कोणी नव्हता. माझी शाळा चौथीपाशी थांबली होती. चातुर्मासात वहिनी वाचायची आणि आळीतल्या बाया ऐकायच्या. मी वांग्याच्या पाट्या भरता भरता ऐकायचो. ती मधेच थांबायची आणि मला विचारायची, "बापू, काय दिसलं तुले?"

"राजा दिसला."

"त्याच्या पायात जोडा होता का?"

मला माहीत नसायचं.

"मंग काय दिसलं तुले? कान हलवून राह्यला नुस्ता."

बाया हसायच्या. मी चिडायचो, पण दुसऱ्या दिवशी राजाचा जोडा बघून ठेवायचो. पोथीत तो नसला तरी. पुढं मी गोष्टी लिहू लागलो तेव्हा माझ्याजवळ एवढंच भांडवल होतं. आजही एखादं माणूस कागदावर आलं की आधी मी त्याचे पाय बघतो. ही सवय कुठून आली, असं मला कोणी विचारलं तर मी निरीक्षण, एकांत असले शब्द वापरायचो.

आता त्या पोळ्याची गोष्ट. आमच्याकडे पोळ्याला गावातले सगळे बैल सजवून आंब्याच्या पानांच्या तोरणाखाली उभे करतात. तोरण तुटायच्या आधी गडीमाणसं एकेक करून झडत्या म्हणतात. चार ओळींचं कवन, त्यात कोणाची तरी खोड काढलेली, आणि शेवटी सगळ्यांनी मिळून महादेवाचा गजर. सर्वांत पुढं पाटलाचा मानाचा बैल असतो. बाया तिथं नसतात. त्या दारात ताट घेऊन बैल घरी यायची वाट बघतात.

बैल रंगवायचं काम बायांचं नव्हे. पण वहिनीच्या हातची नक्षी गावात गाजली होती, म्हणून त्या वर्षी पाटलीणबाईंनी मानाच्या बैलावर वेलबुट्टी काढायला तिला मुद्दाम बोलावलं. रंगाच्या वाट्या धरायला मी गेलो. मला तेव्हा मिसरूड फुटलं होतं आणि गावात आपल्याला कोणी विचारत नाही हे मला फार लागायचं.

वहिनीनं बैलाच्या खांद्यावर हात ठेवला आणि ती थांबली. आदल्याच दिवशी आमच्या घरी खांदशेकणी झाली होती. तूप-हळद लावून, पळसाच्या पानानं बैलांचे खांदे शेकताना जू ओढून ओढून पडलेले घट्टे तिच्या हाताला लागले होते. हा खांदा मऊ होता, लोण्यासारखा. तिनं मग फुलं काढली, पानं काढली. घरी येताना वाटेतच तिनं झडती म्हणून दाखवली:

मानाचा बैल पुढं चाले, पाठीवर झूल,
शिंगाले त्याच्या बेगड, गळ्यात फूल;
रंग देता हाताले माह्या कळून आलं,
घट्टा नाही खांद्याले, यानं काय केलं?

मी रस्त्यातच हसत सुटलो. "वयनी, हे तोरणाखाली म्हणतो मी."

"म्हण. पण माहं नाव नको घेऊ. तुहे भाऊ वरडतीन."

त्या दिवशीचं तिचं म्हणणं मी पुढं आयुष्यभर ढालीसारखं वापरलं.

तोरणाखाली माझी पाळी आली. समोर पाटील गुलाबी फेटा बांधून उभे होते. आमचा मळा त्यांच्या विहिरीच्या पाण्यावर भिजायचा. पहिल्या दोन ओळी झाल्या, लोक पुढं सरकले. तिसरी झाली. चौथीच्या तोंडाशी पाटलांनी माझ्याकडे पाहिलं आणि माझ्या तोंडून निघालं:

याच्या पुण्यानं गावाचं भलं भलं झालं!

गजर झाला. पाटील खूश झाले, त्यांनी मला जवळ ओढलं. "कोणी जुळवली रे?"

"म्याच," मी म्हणालो.

तेवढ्यावरून पाटलांनी मला पुढच्या शाळेसाठी वाशीमला आपल्या भाच्याकडे ठेवलं. शाळेमुळे मास्तरकी मिळाली, मास्तरकीमुळे मासिकं वाचायला मिळाली आणि मग मी लिहिता झालो. माझं पहिलं पुस्तक मी वहिनीला नेऊन दिलं. तिनं ते दिव्याजवळ धरून प्रस्तावनेपासून वाचलं. तोरणाची हकिकत त्यात होतीच. ती पुस्तक मिटून म्हणाली, "छपाई चांगली हाय," आणि भाकरी थापायला बसली. त्यानंतर मी पुस्तकं पोस्टानं पाठवू लागलो.

भाऊ गेला, पाटील गेले. मी साठी ओलांडली. गेल्या वर्षी वहिनीच्या आजारपणाचा निरोप आला आणि मला भीती वाटली ती ही, की ती जाईल आणि तिची झडती माझ्याच नावावर राहील. सुदैवानं ती बरी झाली. पोळ्याला मी गावी गेलो. ती ओसरीवर बसून नातवाच्या मातीच्या बैलाला डोळे काढत होती. तसेच, बाहेर आलेले.

मी सगळं बोललो. अकोल्याच्या सभेचंही सांगितलं. ती कुंचला धुवत ऐकत होती.

"नाव तुले पायजे होतं, तुवा घेतलं. म्याच म्हटलं होतं नको म्हणून," ती म्हणाली. "पण माही ओळ काहून मोडली?"

तिनं कुंचला झटकला.

"भलं भलं झालं म्हणे! दोनदा भलं? चाल भरली नाई म्हणून कोंबलं का रे ते?"

"भ्यालो होतो वयनी."

"ते दिसलंच. गावातल्या बाया अजून मले पोळ्याले तीच ओळ म्हणून दाखवतात. कान किटले माहे."

इतक्या वर्षांत मी नाव चोरल्याचं ओझं वाहत होतो. तिला सलत होती ती बिघडलेली ओळ. हे मला कळायला हवं होतं. दुसऱ्या कोणाला नसतं कळलं तरी मला कळायला हवं होतं, कारण संपादकानं माझी एक ओळ बदलली तर मी आठवडाभर जेवत नाही.

संध्याकाळी तोरणाखाली गेलो. नवे पाटील, म्हणजे जुन्यांचे चिरंजीव, समोर होते. वहिनीला मोठ्या नातवानं भाजीच्या हातगाडीवर बसवून तोरणाजवळच्या देवळापर्यंत आणलं होतं. मी म्हणालो, "गावानं माझी म्हणून ठेवलेली झडती माझी नाही. ती माझ्या वहिनीची आहे. त्यातली शेवटची ओळ मी भिऊन मोडली होती. आज जशी होती तशी म्हणतो."

चौथी ओळ म्हटली तेव्हा कोणी गजर केला नाही. सगळे पाटलांकडे बघू लागले. पाटील आधी जमिनीकडे बघत होते, मग त्यांचे खांदे हलू लागले. "खरं हाय काका," ते हसत म्हणाले, "तो बैल म्हातारा होऊन मेला, पण एक दिवस जुपला नाई आमी! आबा म्हणत, मानाचा हाय." मग असा गजर झाला की पुढचे बैल बुजले आणि तोरण वेळेआधीच तुटलं.

गाडीपाशी गेलो. वहिनी म्हणाली, "आवाज पडला तुहा. पण ओळ सरळ बसली."

मला इतकं हलकं वाटलं की मी गाडीच्या मागून घरापर्यंत चालतच गेलो.

हे लिहून झाल्यावर मी तिला वाचून दाखवलं. नव्या आवृत्तीत जुन्या प्रस्तावनेच्या जागी हेच छापायचं आहे. तिनं डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं.

"मानाच्या बैलाचा रंग कुठं लिहिला?"

मी कागद चाळले. कुठंच नव्हता.

"मंग काय दिसलं तुले?" ती म्हणाली. "पांढरा होता. डाव्या कानामांगं तांबूस ठिपका. लिही."

लिहिलं.