थर्मन टेटमचं पिंप

थर्मन टेटम मंगळवारी गेला आणि बुधवारी दुपारी त्याची थोरली बहीण वर्नेल डोक्यावरची टोपीसुद्धा न काढता ओझेलाच्या स्वयंपाकघरात येऊन बसली. शनिवारच्या अंत्यविधीचं तिनं सगळं ठरवूनच आणलं होतं. कोणती भजनं, कोणती फुलं, पहिल्या बाकावर कोण, कोणाला मुद्दाम मागे बसवायचं. ओझेला खुर्चीच्या पाठीवर हात टेकून ऐकत होती. नवऱ्याचा कॉफीचा मग अजून सिंकमध्ये होता. धुवायला तिचा हात होत नव्हता.

"आता जेवण," वर्नेल म्हणाली. "चर्चच्या बायका कोंबडी तळतील, मक्याची भाकरी, हिरव्या भाज्या, सगळं होईल. पण थर्मनच्या बरगड्या नसतील तर ते थर्मनचं जेवण कसलं? मी आपल्या चर्चच्या डीकन क्लीओफसशी बोललेय. शुक्रवारी सकाळी येईल तो आणि थर्मनच्याच पिंपात भाजेल. तेवढाच माझ्या भावाचा मान."

ओझेलानं खिडकीतून मागच्या अंगणाकडे पाहिलं. पेकनच्या झाडाखाली ते काळं लोखंडी पिंप आडवं पसरलं होतं. चार पाय, एक चिमणी, वर जाड झाकण. थर्मननं गिरणीतल्या जुन्या लोखंडातून स्वतः जोडून केलेलं.

"पिंप नको उघडायला," ती म्हणाली.

"का गं?"

"त्याचं आहे ते. तो मातीत जाईपर्यंत कोणी हात लावू नये."

वर्नेलला हे आवडलं. तिनं रुमाल डोळ्यांना लावला, पण लगेच खाली घेतला. "मग बरगड्यांचं काय?"

"मी करते. ओव्हनमध्ये."

वर्नेलनं इतक्या वेळानंतर पहिल्यांदा टोपी काढली. "ओव्हनमध्ये? अगं, ओव्हनमध्ये केक करतात. या टेक्सासमध्ये बीफच्या बरगड्या ओव्हनमध्ये करणाऱ्या बाईच्या हाती कोणी आपलं कुत्रंसुद्धा सांभाळायला देणार नाही."

"थर्मननं सांगून ठेवलंय मला, कसं करायचं ते."

"त्यानं? सख्ख्या आईला नाही सांगितलं त्यानं."

"शेवटी शेवटी सांगितलं," ओझेला म्हणाली, आणि मान वळवून सिंकचा नळ सोडला.

लाकडाच्या गिरणीनं थर्मनला फुफ्फुसात भुसा आणि मनगटावर घड्याळ देऊन घरी पाठवलं होतं. त्यानंतर त्याच्यापाशी उरलं ते हे पिंप आणि पिंपानं मिळवून दिलेलं नाव. दर जूनला, गुलामी संपल्याच्या मुक्तिदिनाच्या मेळाव्यात, चर्चच्या मैदानावर बरगड्यांची चढाओढ लागायची आणि अर्धं गाव त्याच्या पिंपाभोवती उभं राहायचं. मग एका जूनमध्ये, मेळाव्याच्या सकाळी, धुराशेजारी उभ्या उभ्या त्याचा श्वास अडकला आणि तो गवतावर बसला. ओझेलानं त्याला आत नेऊन निजवलं. बरगड्या अजून कच्च्याच होत्या. टाकून देणं तिच्या रक्तात नव्हतं. तिनं त्या परातीत घालून आत आणल्या, चंदेरी कागदात घट्ट गुंडाळल्या आणि मंद आचेवर ओव्हनमध्ये ढकलल्या. दुपारनंतर मेळाव्यात नेल्या. लोक म्हणाले, थर्मन, आजवर इतक्या मऊ तुझ्याकडूनसुद्धा झाल्या नव्हत्या.

त्या दिवशी त्यानं खरं सांगून टाकलं असतं तर तिथंच मिटलं असतं. तो नुसता हसला. पुढच्या जूनला स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून, तिच्याकडे न बघता म्हणाला, "झेला, तसंच कर या खेपेलाही."

मग त्यांचं ते नाटक बसलं. सकाळी अंगणात थर्मन पिंपाच्या एका टोकाला हिकरीच्या लाकडाचे दोन ओंडके पेटवायचा. एप्रन, लांब चिमटा, वेताची खुर्ची. रस्त्यावरून जाणारा प्रत्येक जण धूर बघून हात हलवायचा, तोही हलवायचा. ओझेला आत खिडक्या लावून, घामानं निथळत ओव्हनसमोर बसलेली असायची. खिडकी उघडली तर वास चुकीच्या बाजूनं बाहेर जाईल. वेळ झाली की झाकलेला ट्रे मागच्या दारानं पिंपात जायचा, पिंप ट्रकवर चढून मैदानावर जायचं, आणि तिथं सगळ्यांदेखत थर्मन झाकण उचलायचा. धुराचा लोट वर जायचा, माणसं हुंकार भरायची, आणि त्या धुरातून तो ट्रे असा बाहेर काढायचा की बघत राहावं. खरं सांगायचं तर ते झाकण तो इतकं सुंदर उचलायचा की ओझेलासुद्धा दरवर्षी गर्दीत उभी राहून ते बघायची, आणि तेवढा क्षणभर तिलाही वाटायचं, यानंच केलंय सगळं.

इस्पितळात शेवटच्या रात्रीच्या आधी त्यानं तिचं मनगट धरलं होतं. "पिंपाचं कोणाला कळू देऊ नकोस." ती हो म्हणाली होती.

म्हणून क्लीओफसला पिंप उघडू द्यायचं नव्हतं. ज्याचं आयुष्य आगीपुढे गेलं तो माणूस आत एकदा डोकावला असता तरी पुरे होतं.

शुक्रवारी तिनं उजाडताच मांस काढलं. हाताच्या पंजाएवढी रुंद हाडं, वर जाड मांसाचा थर. हाडांच्या बाजूचा पांढरा पडदा बोथट सुरीनं एका कोपऱ्यात उचलला आणि कापडात धरून सर्रकन ओढून काढला. तो राहिला की मसाला आत शिरत नाही. मग वाटलेल्या मोहरीच्या सॉसचा पातळ हात, त्यावर मीठ, जाडसर मिरी, लसणाची पूड, लाल तिखट, चिमूटभर ब्राउन साखर. ट्रेच्या तळाला थोडं पाणी आणि व्हिनेगर, वर कागद घट्ट दाबलेला. ओव्हनच्या बटणावरचे आकडे केव्हाच पुसले गेले होते. मंद आच जिथं लागते तिथं तिनं लाल नखरंगाचा एक ठिपका देऊन ठेवला होता. बटण ठिपक्यावर आणलं, दार लावलं आणि ती समोर स्टुलावर बसली.

बसल्यावर मनात आलं ते असं. या बरगड्या जशा दरवर्षी होतात तशाच झाल्या, तर उद्या हॉलमधलं प्रत्येक माणूस पहिल्या घासाला मान वर करील. थर्मन पेटीत, पिंप बंद, मग हे कोणी केलं? आणि एकदा तो प्रश्न पडला की मागच्या सगळ्या जूनपर्यंत जायला कितीसा वेळ लागतो? वर्नेल तर तिथंच, ताट हातात धरून, हिशेब लावील. थर्मनचं नाव त्याच्यावरची माती सुकायच्या आत जाईल.

उपाय सोपा होता. आच वाढवायची. मांस आक्रसून चामड्यासारखं होईल, दाताला ओढ लागेल, आणि लोक म्हणतील, बिचारी, तिला कसं जमणार, तो हात थर्मनचा होता. वचनही राहील, नावही राहील. तिनं उठून बटणाला हात लावला. ठिपक्याच्या पुढे ते थोडं सरकलंसुद्धा.

आतून चरबी सुटल्याचा बारीक आवाज येत होता. नवऱ्यासाठी तिनं पुष्कळ केलं होतं, हेही करायला हरकत नव्हती. पण ज्या हातांनी आजवर कधी बरगडी बिघडवली नाही ते हात ऐकेनात. तिनं बटण परत ठिपक्यावर आणलं आणि स्टुलावर बसून, त्याच्या जाण्यानंतर पहिल्यांदा, रडली. थर्मनसाठी किती आणि दुसऱ्या कशासाठी किती, हे तिला सांगता आलं नसतं.

दुपारी कागद उघडला तेव्हा मांस मागे सरकून हाडांची टोकं बाहेर आली होती. काटा टोचला, तो लोण्यात गेल्यासारखा गेला. वर तिचा आंबटगोड सॉस फासून तिनं थोडा वेळ वरची आच दिली, कड काळपट आणि चिकट होईपर्यंत. इतक्या चांगल्या त्या कधीच झाल्या नव्हत्या.

शनिवारी चर्चमागच्या हॉलात लांब टेबलं मांडली होती. ओझेला काळ्या कपड्यांत, समोर न शिवलेलं ताट ठेवून, टेबलाच्या टोकाला बसली. ट्रेवरचा कागद निघाला. पहिल्यांदा क्लीओफसनं बरगडी उचलली. हाड हातात आलं, मांस ताटात राहिलं. त्यानं घास खाल्ला आणि चावणं थांबवलं. शेजारच्या बाकावर कोणी तरी हलक्या आवाजात "देवा" म्हणालं. हळूहळू हॉल गप्प झाला, आणि ओझेलाला वाटलं, आता विचारतील. तिच्या ध्यानात आलं की ती नुसती घाबरलेली नाही. ती वाट बघते आहे.

वर्नेल उभी राहिली. गाल ओले, हातात हाड.

"मला बुधवारीच कळलं होतं," ती सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली. "ही सांगत नव्हती, पण मी ओळखलं. माझ्या भावाला ठाऊक होतं आपण जाणार ते. तो स्वतः करून, फ्रीझरमध्ये ठेवून गेला. आपल्यासाठी. ओझेलानं नुसत्या गरम केल्यात."

हॉलभर हुंदका गेला. माणसांनी एकमेकांचे हात धरले. "तरीच," एक म्हातारा म्हणाला, "हा हात दुसऱ्या कोणाचा असूच शकत नाही." "धूर जरा कमी वाटतो," दुसरा म्हणाला. "गोठवल्यावर धूर उतरतोच," तिसऱ्यानं समजावलं. एकेक जण ओझेलापाशी येऊन तिचा खांदा दाबून गेला. किती छान गरम केल्यास, एक बाई म्हणाली, अजिबात कोरड्या पडू दिल्या नाहीस.

ओझेला थँक्यू म्हणत राहिली. वर्षानुवर्षं ती ज्या प्रश्नाला भीत होती, तो कोणाच्या मनाच्या आसपाससुद्धा नव्हता. खिडक्या लावून उकाड्यात बसण्याची काही गरजच नव्हती. ओव्हन रस्त्यावर आणून ठेवला असता तरी चाललं असतं.

सोमवारी क्लीओफस ट्रक घेऊन आला. पिंप आता तू घे, असं वर्नेलनं त्याला कबूल केलं होतं, आणि नाही म्हणायला ओझेलापाशी कारण उरलं नव्हतं.

"एकदा बघून घेतो आतून, सिस्टर टेटम," तो म्हणाला आणि त्यानं झाकण उचललं. थर्मनसारखं नाही, दोन्ही हातांनी, कण्हत.

तो बराच वेळ वाकून राहिला. मग त्यानं जाळीवरून बोट फिरवलं, बोटाचा वास घेतला. खाली टांगलेली, चरबी गळायची बादली काढली. ती कोरडी ठणठणीत होती, आत वाळकी पानं.

"बादली नवी आहे?"

"नाही," ओझेला म्हणाली.

"या जाळीवर चरबीचा थेंब पडलेला नाही. कित्येक वर्षं." त्यानं मान वर करून स्वयंपाकघराच्या खिडकीकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "धुरावर भाजलं की मांसाला आतून लाल कड येते, त्याच्या मांसाला ती कधी नसायची. मी विचारलं तर म्हणायचा, ज्याला आग आवरत नाही त्याच्या मांसाला कड येते. आणि मी मूर्ख, पुढची दोन वर्षं कड येऊ नये म्हणून जिवाचं रान करत बसलो."

ओझेलाला हसू आलं, ते तिनं गिळलं.

"दर जूनला," क्लीओफस म्हणाला, "दर जूनला मी त्याच्याकडून हरलो."

"माझ्याकडून," ओझेला म्हणाली.

शब्द आपोआप आला. तिनं तो परत घेतला नाही. क्लीओफस वेताच्या खुर्चीवर टेकला, बादली मांडीवर घेऊन. पेकनच्या झाडात वारा होता. त्याला आता काय ते बोलू दे, तिनं मनात म्हटलं. मी सांगितलेलं नाही, त्याचं त्यानं पाहिलंय. वचन मोडलेलं नाही.

"लोकांना सांगणार का, डीकन?"

"काय सांगू?" तो सावकाश म्हणाला. "एवढी वर्षं मी एका स्वयंपाकघरातल्या ओव्हनकडून हरत होतो, हे? मला अजून चर्चमध्ये तोंड दाखवायचंय, सिस्टर." तो उठला. बादली आतून परत एकदा बघितली. "घरी गेलो की हिच्यात थोडी चरबी ओतून ठेवतो. वर्नेल बघायला आल्याशिवाय राहायची नाही."

ट्रकवर पिंप चढवताना तो एकदाच थांबला. "किती आच ठेवता?"

"मंद," ओझेला म्हणाली. आकडा तिनं सांगितला नाही, आणि त्यानंही पुन्हा विचारला नाही.

ट्रक गेल्यावर झाडाखाली पायांचे चार चौकोनी ठसे उरले. आत येऊन तिनं सिंकमधला मग धुतला. शुक्रवारी मागे ठेवलेली एक बरगडी फ्रिजमधून काढून ओव्हनमध्ये ठेवली आणि बटण ठिपक्यावर आणलं. वास सुटला तशी तिनं खिडकी उघडली, सताड.

कुंपणापलीकडे शेजारीण कपडे वाळत घालत होती. तिनं नाक वर केलं.

"डीकननं नेऊन लगेच पेटवलं वाटतं पिंप," ती म्हणाली. "बघ, इथवर वास आला."

"आला असेल," ओझेला म्हणाली.