सगळे बसल्याशिवाय सुरू नाही

अक्काने जन्मात एक गोळी झाडली नाही, पण सावद्यात तिच्या हाताखाली जेवढे मुडदे पडले तेवढे दुसऱ्या कोणाच्या हाताखाली पडले नसतील. रोज दुपारी दोन ते चार. बाहेर केळीच्या गाड्या भरत असायच्या आणि आमच्या पुढच्या खोलीत सहा कॉम्प्युटरांवर माणसं एकमेकांना उडवत असायची. अक्का मधे खुर्चीवर बसून वाल सोलायची. कोणी मेला की मान वर न करता म्हणायची, "मेला का? पाणी पी, मग ये."

अक्का म्हणजे माझी बायको. अख्खी गल्ली तिला अक्का म्हणायची, म्हणून मीही म्हणायला लागलो. बायकोला अक्का म्हणणं बरं दिसत नाही, असं मला चार लोकांनी सांगून पाहिलं. तिला विचारलं, तर म्हणाली, "हाक मारली की मी येते ना? मग झालं."

आमचा मोटर रिवाइंडिंगचा धंदा. विहिरीवरची मोटर जळाली की शेतकरी ती खांद्यावर घेऊन माझ्याकडे. मी चौथी पास, ती सातवी पास, आणि हा तीन इयत्तांचा फरक तिने मला शेवटपर्यंत विसरू दिला नाही. नव्वदच्या दशकाच्या शेवटी-शेवटी आमच्या पोराने, प्रकाशने पुढच्या खोलीत कॉम्प्युटरचा क्लास काढला. वर्षभरात त्याला पुण्याला नोकरी लागली. सकाळी शिकवायला एक मास्तर ठेवला, आणि दुपारची किल्ली आली अक्काच्या कमरेला. दुपारी पोरं तो बंदुकीचा खेळ खेळायची. तारेने सगळे कॉम्प्युटर एकमेकांना जोडलेले. ती काळी तार, तिच्या दोन्ही टोकांना एकेक टोपी. एक टोपी सैल झाली की सहाही कॉम्प्युटर एकमेकांना ओळख देईनात. तेवढं काम माझं. टोपी आवळायची आणि परत दुकानात जायचं.

सुरुवातीला पोरं आपली आपण खेळायची आणि रोज भांडणं व्हायची. जो आधी येई तो सगळ्यात मोठी बंदूक घेऊन कोपऱ्यात दबा धरून बसे. तगडे पाच एकीकडे, कच्चा एकटा दुसरीकडे. अक्काने चार दिवस पाहिलं. पाचव्या दिवशी प्रकाशला पुण्याला फोन लावून विचारलं, "सामना मांडतात कसा, ते मला सांग." एसटीडीवाला म्हणतो, पाऊण तास ती नुसती "मग कुठलं बटन?" एवढंच विचारत होती. सगळं तिने कॅलेंडरच्या मागच्या पानावर लिहून घेतलं. दुसऱ्या दिवसापासून, सामना मांडून होईपर्यंत पहिल्या कॉम्प्युटरवर दुसऱ्या कोणी बसायचं नाही. सामना अक्का मांडणार, मग बाकीच्यांनी आत शिरायचं.

ती सामना मांडायची तशी मी पंगत मांडणारी माणसं पाहिली आहेत, कॉम्प्युटर लावणारी नाही. कोण कोणाच्या शेजारी, कोण कोणासमोर, हे आधी पक्कं. जागेचे नकाशे तिला नावाने माहीत नव्हते. विहिरीवाला, गोदामवाला, जिन्यावाला अशी तिने आपली नावं ठेवली होती. भांडणं वाढली की गोदामवाला लावायची, कारण तिथे वाटा पुष्कळ, माणूस माणसाला लवकर सापडत नाही. मोठी बंदूक तिने काढूनच टाकली. "एकाच्या पानात बठ्ठी जिलबी नाही वाढायची," म्हणाली. बठ्ठी म्हणजे आमच्याकडे सगळी.

केळीचे दोन व्यापारी होते, एकमेकांच्या दारावरून न जाणारे. त्यांची पोरं मनोज आणि योगेश. दोघं यायचे ते एकमेकांना मारायलाच. अक्काने दोघांना एका बाजूला टाकलं. मनोज म्हणाला, "अक्का, मला त्याच्यासमोर टाका ना."

"समोर तर तुमचे बाप बसलेच आहेत. तू बाजूला बस."

आणखी एक खोड म्हणजे, आपल्याच बाजूच्या माणसाला आपली गोळी लागायची नाही, अशी त्या खेळात सोय होती. अक्का ती सोय बंद करायची. पोरं ओरडायची, ही काय पद्धत झाली! अक्का म्हणायची, "घरच्याची गोळी घरच्यालाच लागते. बघून झाडत जा." त्यामुळे मनोजला योगेशला सांभाळून खेळावं लागे. महिन्याभरात दोघं एका मोटरसायकलवर यायला लागले. बापांना मात्र कोणी सांगितलं नाही.

सामन्याला एक चोरशब्द असे. तो टाकल्याशिवाय आत शिरता येत नसे. अक्का तो शब्द तोंडाने कधी सांगायची नाही. सहाही कॉम्प्युटरपाशी स्वतः जायची, पदराने बटनं झाकायची आणि एका बोटाने टिपायची. पोरांनी किती विनवण्या केल्या. "अक्का, सांगा ना, तुमचेच कष्ट वाचतील." ती लाजून हसायची आणि पुढच्या कॉम्प्युटरकडे सरकायची. मला वाटायचं, बाई म्हातारपणी भाव खाते आहे.

पण तिचा सगळ्यात कडक नियम वेगळा होता. सगळे बसल्याशिवाय सुरू नाही. एक जागा जरी रिकामी असली, कोणी लघवीला गेलेला असला, तरी ती बटन दाबायची नाही. "बठ्ठे बसले का? पुन्हा एकदा बघा." चारला लाइट जायची, पोरं घड्याळाकडे बघून तडफडायची, पण अक्का ढिम्म.

हा नियम कुठून आला ते मला ठाऊक होतं, म्हणून मी त्यावर कधी चेष्टा केली नाही. बाकी सगळ्यावर केली.

आमच्या मुलीच्या, मंगलच्या लग्नातली गोष्ट. माझा धाकटा भाऊ बापू माझ्याच दुकानात माझ्याबरोबर मोटरी बांधायचा. मांडवाची सगळी लाइट त्याने दोन दिवस उपाशी-तापाशी राहून केली होती. वरण-बट्टीची पंगत बसली. आमच्याकडे घरचा धाकटा माणूस आपणहून पानावर बसत नाही. मोठ्याने हाताला धरून बसवायचं असतं. बापू मांडवाच्या खांबापाशी उभा राहिला, मी हाक मारीन म्हणून. मी त्याच वेळी बंद पडलेल्या जनरेटरशी झटत होतो. अक्काने पानं भरलेली पाहिली आणि वाढप्यांना हात केला, होऊ द्या सुरू. पंगत उठेपर्यंत बापू उभा होता. मग त्याने चपला घातल्या आणि धुळ्याची एसटी धरली. धुळ्याला त्याची सासरवाडी. तिथेच त्याने दुकान टाकलं.

मी म्हणालो, घरच्या माणसाला काय आमंत्रण द्यायचं? त्याने निरोप धाडला, घरचा असतो तर विसरला असता का? झालं. सात वर्षं ना तो आला ना मी गेलो. चूक माझी होती हे मला पहिल्याच दिवशी कळलं होतं. पण मोठ्या भावाला ते कळून उपयोग नसतो. अक्का मात्र म्हणायची, हात मी केला, चूक माझी. वर्षातून दोन-तीनदा म्हणायची, "तुम्ही एकदा धुळ्याला जा ना." मी मोटर उघडून बसायचो.

मग एका रविवारी सामना ठरला, सावदा विरुद्ध धुळे, तीन-तीन गडी. धुळ्यातही असा एक क्लास होता, तिथली पोरं जीप करून येणार असं मनोजने मला सांगितलं. दुपारी जीप आली आणि आमच्या लिंबाखाली थांबली. त्यातून दोनच पोरं उतरली. एक उंच, नाकाने आमच्याच घराण्यातला. बापूचा जितू. मी दुकानातून पाहिलं. मग जीप चालवणाऱ्याकडे पाहिलं. त्यानेही माझ्याकडे पाहिलं. मी खाली मान घालून तारेचे वेढे मोजायला लागलो.

आतून गलका ऐकू येत होता. जितू म्हणत होता, "अक्का, आमना एक गडी कमी शे."

"आमचाही एक कमी आहे," अक्का म्हणाली. "बसा तुम्ही चौघं."

"मग दोन-दोन खेळू ना!" हा योगेश.

"तीन-तीनचा मांडलाय. सहा पानं मांडून चार जेवत नाहीत."

थोड्या वेळाने ती दुकानात आली. हातात सोललेल्या वालाची परात तशीच. "अहो, बठ्ठे बसले नाहीत. दोन जागा रिकाम्या आहेत. एक तुमची."

"मला काय येतं त्यातलं?"

"कोणाला काय येतं? आणि दुसऱ्या गड्याला बोलवून आणा. जीपमधे बसलाय."

"तूच बोलव की."

"मी बोलवून चाललं असतं तर त्याच दिवशी चाललं असतं. मोठ्याने बोलवायचं असतं." मग आवाज खाली आणून म्हणाली, "साडेतीन झाले. चारला लाइट जाईल. पोरं न खेळता गेली ना, तर तो पुन्हा या दारात येणार नाही. आणि मी पण तुम्हाला पुन्हा म्हणणार नाही."

या बाईने सामना नुसता खोलीत मांडला नव्हता, हे माझ्या तेव्हा ध्यानात आलं. धुळ्याला फोन करून जितूला "दोघंच या, तिसरा मी बघते" असं तिनेच सांगितलं होतं, हे नंतर कळलं.

उठलो. दुकानापासून जीप वीस पावलं. मला ती वीस पावलं तालुके ओलांडून पहूरपर्यंत चालत गेल्यासारखी वाटली. जीपजवळ गेलो, तर बापू समोरच्या काचेतून सरळ बघत होता. केस पांढरे झाले होते हरामखोराचे.

"चल आत. जागा ठेवलीय."

सात वर्षं धुळ्यात राहून त्याची बोली तिकडची झाली होती. माझ्याकडे न बघता म्हणाला, "माले कोन बलावस?"

"मी बोलवतो. नामदेव बोलवतो. ऊठ." आणि त्याचं मनगट धरलं. मनगटावर वॉर्निशच्या भट्टीचा डाग होता. तसाच माझ्या मनगटावर आहे. एकाच दिवशी भाजलो होतो.

आत गेलो तर अक्काने बाजू बदलल्या होत्या. मी, बापू आणि जितू एकीकडे. मनोज, योगेश आणि जितूचा दोस्त दुसरीकडे. जितू म्हणाला, "अक्का, गाव विरुद्ध गाव ठरेल व्हतं ना?" ती म्हणाली, "गाव तुमचं. पंगत माझी."

मग ती माझ्यापाशी आली, पदराने बटनं झाकली आणि एका बोटाने टिपायला लागली. पण मी बसलो होतो खाली, मला पदराखालून दिसत होतं. मला इंग्रजी येत नाही, फक्त दुकानाच्या पाटीवर आहेत तेवढीच सहा अक्षरं ओळखतो. एन, ए, एम, डी, ई, ओ. नवऱ्याचं नाव तोंडाने घ्यायचं नाही म्हणून बाई वर्षभर सहा कॉम्प्युटरांवर रोज ते टिपत फिरत होती. मी वर पाहिलं. ती म्हणाली, "समोर बघा. मराल."

"बठ्ठे बसले का?" तिने विचारलं. तिने स्वतः एकेक जागा बोटाने मोजली. बापूच्या खुर्चीपाशी बोट जरा जास्त थांबलं. मग बटन दाबलं.

मी पहिली दोन मिनिटं भिंतीला तोंड लावून चालत होतो. तेवढ्यात पाठीत धाडकन गोळी बसली आणि पडदा लाल झाला. मारणारा बापू.

"बाप्या, डोळे फुटले का तुझे!"

"नाना, तू आडवा कसाले येस?"

सगळी खोली हसायला लागली. बापूही. मी पण. अक्काने पदर डोळ्याला लावला. नंतर मी चिडवलं, तर म्हणाली, पडद्याचा उजेड लागला. आम्ही तो सामना इतका वाईट हरलो की मनोज ते अजून सांगतो. चारला लाइट गेली आणि बापू जेवायला थांबला.

पुढे क्लास बंद झाला, कॉम्प्युटर गेले. ती काळी तार तेवढी माझ्या दुकानात खिळ्याला टांगलेली आहे, दोन्ही टोप्यांसकट. अक्का गेल्या हिवाळ्यात गेली. आजारी म्हणून आठ दिवस, त्यातही मला औषधाच्या गोळ्या मोजायला लावून माझ्या चौथीवर हसली.

तेराव्याची पंगत बसली तेव्हा मी दुकानात येऊन बसलो होतो. भूक नव्हती, आणि माणसं बघायची इच्छा नव्हती. वाटलं, लोक जेवून जातील, कोणाला काय कळतंय. बाहेर कालवा ऐकू येत होता, तो हळूहळू थांबला. मग दारात बापू उभा राहिला.

"नाना, बठ्ठा बसेल नहीत. एक जागा रिकामी शे."

"तुम्ही घ्या जेवून."

तो आत आला आणि माझं मनगट धरलं. बाहेर आणलं तर शंभरेक माणसं पानावर हात आवरून गप्प बसलेली. मनोज आणि योगेश वाढायला उभे, भांडी हातात, आणि कोणाच्याच पानात अजून काही पडलेलं नाही. वरण गार होत होतं.

बसलो. काय करतो? तिचा नियम मोडायची टाप माझ्यात कधीच नव्हती.