मी ‘बस’ म्हणालो होतो

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. श्रावणात ढोल घुमायला लागले की मी खिडक्या लावून घेतो. घरच्यांना वाटतं, डोकं दुखतंय.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. घाटकोपरला आमचं गोविंदा पथक होतं आणि मी त्याचा म्होरक्या. खाली उभं राहून हाका द्यायचं काम माझं. दुसऱ्या थरातली पोरं खांद्यांवर उकिडवी बसायची. मी ‘ऊठ’ म्हटलं की उठायची, ‘बस’ म्हटलं की बसायची. आणि थांबायचं असेल तर—‘पुरे’. तिथे ‘बस’ म्हणायचं नाही, हा नियम माझाच. चुकणाऱ्याला शिव्याही मीच घालायचो.

त्याच आठवड्यात आम्ही व्हिडिओ सेंटरला एक इंग्रजी सिनेमा बघितला होता. पाठीवर झुलीसारखं कापड मिरवत उडणारे, अचाट ताकदीचे दोस्त. त्यांच्या मारामारीत इमारत कोसळते, माणसं मरतात, आणि जाब कुणी द्यायचा यावरून त्यांच्यातच फूट पडते. दोस्ती जपणाऱ्याला मी शिट्ट्या मारल्या. आमच्या पथकातला दिनेश मात्र जाब द्यायला निघालेल्याच्या बाजूने. ‘चूक केली तर बोलायला नको का रे?’ एवढंच म्हणाला. मला ते तेव्हाच का खुपलं असेल?

दोन दिवसांनी सराव होता. दिनेश दुसऱ्या थरात, माझ्या बाजूला. त्याच्या आणि शेजारच्याच्या खांद्यावर अनंत उभा—आमच्यातला सगळ्यात हलका. थर हलतोय असं मला वाटलं. घाबरलो—हो, घाबरलोच—आणि ओरडलो, ‘बस!’ म्हणायचं होतं, पुरे. ढोलाच्या आवाजात ते फक्त दिनेशला ऐकू गेलं. तो बसला. एकटाच.

अनंत पाठीवर पडला. त्यानंतर तो कधीच चालला नाही.

त्याचे वडील मंडळात आले. पोरगा कुणामुळे पडला, एवढंच त्यांना हवं होतं. निम्मे म्हणाले, सांगून टाकू. निम्मे म्हणाले, आपल्यातलं बाहेर न्यायचं नाही. मग सगळे माझ्याकडे बघायला लागले. आणि मी काय केलं? त्याच्या वडिलांसमोरच मोठेपणाचा आव आणून म्हणालो, ‘दिनेशचं नाव कुणी घ्यायचं नाही. कुणाचाही तोल जातो.’

कळलं ना? पाठीशी घालतोय असं दाखवून मीच त्याचं नाव घेतलं. दिनेश माझ्याकडे बघत म्हणाला, ‘तू बस म्हणालास ना?’ मी नकारार्थी मान हलवली. त्याच्यावर विश्वास ठेवणारं एकही पोर तिथे नव्हतं, आणि मला त्या क्षणी काय वाटलं सांगू? सुटलो, असं वाटलं.

पथक मोडलं. दिनेश रोज सकाळी अनंतकडे जायला लागला—त्याला उचलायला, आंघोळ घालायला. एका दुपारी तो माझ्या घरी आला. डोळे खोल गेलेले. चहाला हातही लावला नाही.

म्हणाला, ‘माझ्याच ऐकण्यात चूक झाली असेल यार. तू कशाला खोटं बोलशील?’

मी म्हणालो, ‘असेल रे.’