इतिहासाच्या बाई

तेवीस वर्षं इतिहास शिकवल्यावर बाईंच्या वर्गात अकरा जण उरले होते. भिंतीपलीकडे सायन्सच्या तुकड्यांत पाय ठेवायला जागा नसायची.

त्या अकरांत वायरमनची मुलगी होती. एकदा तिने कॉलेजच्या माळ्यावरची जुनी हजेरीपुस्तकं उपसून काढली आणि धुळीने माखल्या हातांनी बाईंपुढे ठेवली. "बाई, या एका वर्षी एवढ्या मुलांच्या नावांवर रेघ का मारलीय?" महिनाभर म्हाताऱ्याकोताऱ्यांना विचारत ती फिरली. त्या वर्षी साथ आली होती. रेघ मारलेल्या एकोणीसपैकी चौदा मुलं कशी गेली, ते तिने लिहून आणलं. बाईंनी ते उभ्यानेच वाचलं. इतक्या वर्षांत त्यांनी स्वतः ती पुस्तकं कधी उघडली नव्हती.

पुढच्याच आठवड्यात तिचे वडील तिला सायन्सला घालायला आले. मुलगी दाराशी उभी होती.

"तिला या विषयाची जाण आहे हो," बाई कळवळून म्हणाल्या. "अशी मुलगी मला पुन्हा मिळायची नाही."

"हुशार आहे म्हणूनच तर! ढ असती तर राहू दिली असती इथे." मग त्यांनी अगदी साधेपणाने विचारलं, "तुमचा मुलगा काय करतो?"

"इंजिनिअर आहे."

"त्याची आवड होती?"

बाईंच्या मुलाला भाषा शिकायची होती. तो आठवडाभर अबोला धरून बसला, तरी इंजिनिअरिंगचा फॉर्म त्यांनी स्वतःच्या हाताने भरला होता. मुलगी आशेने त्यांच्याकडे बघत होती.

"वडील म्हणतात ते तुझ्या भल्याचंच आहे गं," बाई म्हणाल्या.

नव्या वर्षी इतिहासाला कुणीच नाव घातलं नाही. विभाग बंद झाला आणि बाईंच्या वाट्याला दुसऱ्यांच्या परीक्षांवरची देखरेख आली. फिजिक्सच्या फेरपरीक्षेला ती मुलगी तिसऱ्या बाकावर होती. तासाभराने बाई जवळून गेल्या तेव्हा तिच्या पेपरवर नंबराशिवाय काही नव्हतं.

"अगं, आठवेल तेवढं तरी लिही."

"काही येतच नाही, बाई."

"घरी बोलून बघू का मी?"

"कशाला? त्यांनी दुसरा क्लास लावलाय." ती चिडून बोलली नाही, रडलीही नाही. पेनाला टोपण लावून ती घंटा व्हायची वाट बघत बसली.

बाई काही वेळ तिथेच घुटमळल्या. मागून कुणीतरी पुरवणी मागितली, तशा त्या तिकडे वळल्या.