सागाच्या पानातली अळंबी

लग्नाच्या दुसऱ्या वर्षी बायकोला दिवस गेले आणि तिच्या पोटात अन्न ठरेना. पन्नासचं दशक संपत आलं होतं; मी शहापूरला कचेरीत कारकून होतो. तिला भात नको, वरणाचा वास नको, आणि माझ्या हातचं पिठलं तर मलाही नको. तिच्या गालांची हाडं वर आली होती. एका दुपारी भिंतीकडे तोंड करून ती म्हणाली, "आमच्याकडची अळंबी असती तर खाल्ली असती."

आमच्याकडची म्हणजे मुरबाडकडची. शहापूरच्या बाजारात पावसाळ्यात अळंबी यायची, पण ती वारुळावरची, पांढरी, छत्रीसारखी. ती मी आणली, तर बायकोने मान फिरवली.

"आमची वेगळी. वरून करपल्या भाकरीसारखी. खाली पडदे नसतात, पिवळी बारीक भोकं असतात. कापली का निळी पडते. आणि जांभळाखालची. दुसऱ्या झाडाखालची आमी नाय खात."

रविवारी छत्री घेऊन निघालो. ओढ्याकाठच्या एकेका जांभळाच्या बुडाशी वाकत चाललो. गवत कापणाऱ्या एका म्हातारीने विचारलं, "काय हरवलं रे?"

"बायकोचं जेवण," मी म्हणालो. म्हातारी पुन्हा गवत कापू लागली.

शेवटी एका कललेल्या जांभळाखाली दोन सापडल्या. जाड देठाच्या, वाटीएवढ्या. उलटून पाहिलं, पिवळी भोकं. नखाने ओरखडलं, निळं. आनंदाने मी उडी मारली आणि चिखलात बसलो. शेजारी सुपारीएवढी आणखी एक होती, ती राहू दिली. परतताना वाटेवरच्या सागाचं मोठं पान तोडलं, त्यात त्या गुंडाळून वेलीने छान पुडा बांधला.

बायकोने पुडा पाहिला आणि तिचा चेहरा पडला. "सागाखालची?"

"अगं, जांभळाखालची!"

"मग पान सागाचं कसं?"

त्यांच्या घरची रीत मला कुठे ठाऊक? ज्या झाडाखाली अळंबी सापडेल त्याच झाडाच्या पानात ती आणायची. तिची आई आणणाऱ्याला काही विचारत नसे, पान बघे. मी शपथ घेतली. पण मागच्याच महिन्यात याच छत्रीने कोल्हा पळवल्याची शपथही मी घेतली होती आणि तो शेजाऱ्यांचा कुत्रा निघाला होता. तिने पुडा बाजूला सारला आणि आवाज न करता रडू लागली. भांडली असती तर बरं झालं असतं.

मी धावत जाऊन जांभळाची डहाळी आणली. तिने नाक पुसलं. "अवो, आता काय, कुठूनपण तोडाल."

"मग चल, झाडच दाखवतो!" मी चिडून म्हणालो.

"चला," ती म्हणाली आणि उठली. कित्येक दिवसांत तिने उंबरा ओलांडला नव्हता.

वाटेत ती दगडावर बसत बसत आली. मी छत्री सगळी तिच्यावर धरली, तर दंडाला धरून तिने मला आत ओढलं. झाडापाशी पोचल्यावर मात्र माझ्याकडे बघितलंही नाही. वाकून पाचोळा सारला, ती सुपारीएवढी अळंबी हुंगली. मग शेजारचे दोन खड्डे पाहिले.

"उपटलीत?"

"मग काय करायचं?"

"बूड ठेवून कापायची असते वो!" पण ती हसत होती.

घरी तिने स्वतःच पुड्यातली अळंबी कांदा, मिरची आणि कोकम घालून शिजवली. मी छाती काढून म्हणालो, "आधी मी खाऊन बघतो."

"तुमी आधी खाल्लीत तर मला काय उरंल?"

ती जेवत होती आणि मी मोरीतली बादली धरून समोर. भाकरी संपली. तिने ताट बोटाने पुसलं.

"ठेवा ती बादली. अजून भाकरी हाय?"

नव्हती. मग मीच चूल फुंकली आणि एक थापली. ती व्हायची तशीच झाली, वरून काळी. बायकोने ती हातात घेतली, उलटून नीट पाहिली.

"भोकं नायत खाली," म्हणाली, आणि तीही खाल्ली.