मार्सेलाच्या आईचं सूप

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. मुलाला नाही, बहिणीला नाही, आणि जिला सांगायला हवं होतं तिला तर नाहीच. तुम्हाला सांगतोय, कारण तुम्ही माझ्या हातचं कधी जेवलेला नाहीत. जे जेवलेत त्यांना माझं भारी कौतुक आहे — आणि ते गमवायची माझी तयारी नाही.

बघा, कौतुकाचाच विषय आधी निघाला. पण खोटं कशाला बोलू? मी उत्तम स्वयंपाक करतो. बायको गेली तेव्हा मला चहापलीकडे काही येत नव्हतं. सगळी नोकरी पोरांना फिटरचं काम शिकवण्यात गेलेली. मग तीच शिस्त ओट्याशी लावली आणि दोन वर्षांत असा तयार झालो की बहीण आपल्या घरच्या कार्याला सल्ला मागायला पंचवटीतून इंदिरानगरला येऊ लागली. एकादशीला आमच्या सोसायटीतल्या चार घरी भगरीबरोबर माझी दाण्याची आमटी जाते. तिची सगळी करामत भाजण्यात आहे. लोखंडी कढई, मंद आच, आणि दाण्याला एकही डाग नको. दाणे भाजावेत तर मीच — हे मी म्हणत नाही, लोक म्हणतात. बरं, मीही म्हणतो.

मार्सेला माझी सून. मुलगा कोल्ड स्टोरेजचं शिकायला स्पेनला गेला होता, तिथे त्याची तिची गाठ पडली. ती मूळची बोलिव्हियाची, कोचाबांबा नावाच्या गावची. लग्न झालं, मुलाला पिंपळगावला द्राक्षांच्या पॅकहाऊसमध्ये काम मिळालं, आणि ही पोरगी सातासमुद्रापलीकडून नाशकात येऊन राहिली. मराठी शिकली. पहिल्या दिवसापासून मला बाबा म्हणाली. नातेवाइकांनी नाकं मुरडली तेव्हा मी एकेकाला गप्प बसवलं. माझ्या सुनेबद्दल कुणी ब्र काढलेला मला खपत नाही — अजूनही नाही. मग मीच तिच्याशी असं का वागलो?

सांगतो. थोडा वळसा घेतोय, कळतंय मला.

लग्नानंतरच्या दुसऱ्या वर्षी तिची आई गेली. मार्सेलाला तेव्हा सहावा महिना होता, डॉक्टरांनी विमानप्रवासाला साफ नाही सांगितलं. आईचं शेवटचं दर्शन तिने फोनवर घेतलं. रडली, पण आमच्यासमोर कमी. मग एक दिवस तिने मला त्यांच्याकडची रीत सांगितली. नोव्हेंबरच्या पहिल्या दिवशी, भर दुपारी बारा वाजता, गेलेली माणसं घरी येतात. दुसऱ्या दिवशी बाराला परत जातात. त्यांच्यासाठी टेबल मांडायचं, त्यांच्या आवडीचं रांधायचं, चार माणसांना बोलावून तेच जेवू घालायचं. तिच्या आईचा आवडता पदार्थ म्हणजे शेंगदाण्याचं सूप. दर रविवारी करायची म्हणे.

“बाबा, आईने हे घर बघितलं नाही कधी,” ती म्हणाली. “पण वास ओळखेल. वासावर येईल ती.”

मला हे परकं वाटायला हवं होतं का? मुळीच नाही. बायकोच्या श्राद्धाला मी स्वतः तिच्या पद्धतीचं पिठलं करतो आणि पान ठेवून कावळ्याची वाट बघत उभा राहतो. त्या पिठल्यात कुणी पळीभर जरी ढवळाढवळ केली असती तर मी त्याला घराबाहेर काढलं असतं. म्हणजे मला सगळं समजत होतं. हे नीट ध्यानात घ्या — मला समजत होतं.

जेवायला माणसं मीच बोलावली. बहीण आणि मेहुणे, वरच्या मजल्यावरचे बागूल पतिपत्नी, माझे दोन जुने सहकारी. सगळ्यांना आधीच ऐकवून ठेवलं, की या, माझ्या सुनेच्या देशाचं काहीतरी खायला मिळेल. बहिणीकडे मांस चालत नाही, म्हणून मार्सेलाला म्हटलं, त्यात मटण नको. ती लगेच हो म्हणाली. सुपात घालायचा तिकडचा पाला इकडे मिळत नाही, तर कोथिंबीर चालेल म्हणाली. बटाटे, गाजर, मटार, थोडी मॅकरोनी, वरून बटाट्याचे तळलेले काप. सगळं सोडत सोडत शेवटी तिच्याकडे तिच्या आईचं असं एकच उरलं होतं. दाणे. ते कच्चेच घ्यायचे. सकाळी तिने ते गरम पाण्यात भिजवले, खुर्चीवर बसून एकेका दाण्याचं साल काढलं, बारीक वाटले. दुधासारखं पांढरं वाटण भांडंभर तयार झालं.

“बाबा, भाजायचे नाही हं,” तिने दोनदा बजावलं. “कच्चेच. तासभर हळूहळू शिजेल, फक्त हलवत राहा.” तिचे पाय सुजले होते. ती आत जाऊन आडवी झाली.

मी वाटणाचा वास घेतला. हिरवट, ओल्या शेंगेसारखा. चिमूटभर जिभेवर ठेवलं. आणि माझ्या डोक्यात काय आलं असेल? तिची आई? नाही. आज सहा माणसं माझ्या घरात कच्च्या दाण्यांचं पाणी पिणार, आणि बहीण जिन्यातच मेहुण्यांना म्हणणार, दादाचा हात गेला — हे आलं. कच्च्या दाण्याने पित्त होतं, हे आमच्याकडे शेंबडं पोर सांगेल. मी कोण? दाणे भाजणारा मी!

मी नळ सोडला आणि ते वाटण सिंकमध्ये ओतून दिलं.

लिहिलं एकदाचं.

मग कढई चढवली, एक्झॉस्ट फॅन लावला, स्वयंपाकघराचं दार लोटलं. माझे दाणे, माझ्या पद्धतीने. काय सुरेख भाजले गेले त्या दिवशी! सालं पाखडली, वाटले, पातेल्यात घातले आणि हलवत बसलो, तिने सांगितलं होतं तसंच. मला अपराधी वाटलं नाही. मी तिची लाज राखतोय असं मला वाटत होतं. तिची!

ती उठून आली. पातेल्यात बघितलं. सूप तांबूस झालं होतं.

“रंग असा का?”

“इकडचे दाणे शिजल्यावर असेच होतात,” मी म्हणालो. “मातीचा फरक.”

किती पटकन सुचलं मला ते. तिने चमच्याने चव घेतली, थांबली, परत घेतली. माझ्याकडे संशयाने बघितलंसुद्धा नाही. बाबा खोटं बोलतील हे तिच्या मनातही येण्यासारखं नव्हतं. तिने वाडगं भरून आईच्या फोटोपुढे ठेवलं, आणि बरोबर बाराला आम्ही सगळे उभे राहिलो.

जेवणाचं काय सांगू? पातेलं निपटून खाल्लं लोकांनी. बागूल मूळचे सटाण्याचे, मोजकं बोलणारे, तेही म्हणाले, “लय भारी झालंय, काका.” बहीण तर म्हणाली, “अगंबाई, ही तर आपल्या दादाची आमटी!” सगळे हसले. मार्सेलाही हसली. माझी छाती फुगली होती, हे मला कबूल करायलाच हवं. पाहुणे तिला शाबासकी देत होते आणि ती शाबासकी खरी माझी आहे हे फक्त मला ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी बारा वाजून गेल्यावर तिने वाडगं उचललं. मी तिथेच पेपर वाचत होतो. ती म्हणाली, “बाबा, ती आली नाही. मी चव विसरले. माझ्या हातातून आईची चव गेली.” मुलाने तिला जवळ घेतलं. मी पेपरचं पान उलटलं.

तेव्हा सांगता आलं असतं. एकाच वाक्याचं काम होतं. तिने चिडून पुन्हा दाणे भिजवले असते आणि सगळं ठीक झालं असतं. मी नाही सांगितलं. तिने ते सूप परत कधी केलं नाही. आता त्या दिवशी ती फक्त पाव आणि कॉफी मांडते.

सूप मी करतो. घरात कुणी आलं की फर्माईश होते, मी कढई चढवतो, आणि लोक बोटं चाटतात.

गेल्या वर्षी ती आणि मुलगा नातीला घेऊन चार दिवस महाबळेश्वरला गेले होते. मी एकटा होतो. दाणे भिजवले, साल काढलं, कच्चेच वाटले, तासभर हलवत राहिलो. तो हिरवट वास अर्ध्या तासाने आपोआप गेला. पांढरंशुभ्र सूप झालं — सौम्य, थोडं गोडसर, माझ्या आमटीशी काही एक संबंध नसलेलं. चांगलं होतं. माझ्यापेक्षा चांगलं होतं, असं मी आयुष्यात दुसऱ्या कुठल्याच पदार्थाबद्दल म्हटलेलं नाही. पातेलं मी एकट्याने दोन दिवसांत संपवलं आणि घासून जागेवर ठेवलं. मार्सेलाला वाटतं, तिच्या आईची चव जगातून गेली. ती चव मला माहीत आहे.

परवा नातीने विचारलं, तिकडची आजी काय करायची खायला? मार्सेला म्हणाली, “सूप. पण मला नाही येत ते, आजोबांना येतं. त्यांना माग.” मी केलं. दाणे भाजले — खमंग, एकही डाग नाही. नातीने दोन वाडगी खाल्ली, तिसरं मागितलं, आणि मला इतका अभिमान वाटला की डोळे भरून आले. मार्सेला समोरच बसली होती.

“आजोबा, ती आजी अस्संच करायची?” नातीने विचारलं.

मी म्हणालो, हो.